जिवंत बुद्धिबळ : पटावर माणसं उभी करायची तर डाव ठरवलेला घ्यावा की खराखुरा?

हरिपूरकर
नमस्कार मंडळी,
आमच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात यंदा जिवंत बुद्धिबळ करायचं ठरलंय. मैदानावर पट आखायचा, पाचवी ते नववीची बत्तीस मुलं राजा, वजीर, हत्ती, घोडे, उंट आणि प्यादी होऊन उभी राहणार. आमचं गाव सांगलीला लागून. पारावर संध्याकाळी पट मांडला जातो, त्यामुळे बघायला येणाऱ्यांतले निम्मे तरी चाली जाणणारे असतील.

शिक्षकांमध्ये दोन तट पडलेत. काहींचं म्हणणं, एखादा प्रसिद्ध डाव घ्यावा, मुलांकडून तालमी करून घ्याव्यात आणि नाटकासारखा बसवावा. मला हे पटत नाही. निकाल आधीच ठरलाय तर ते बुद्धिबळ कसलं? दहावीतले दोन चांगले खेळाडू समोरासमोर बसवावेत, त्यांनी चाल सांगावी, मुलांनी चालावं. हरणारा खरोखर हरला पाहिजे, तरच बघणारा जागचा हलणार नाही.

ज्यांनी असा प्रकार पाहिलाय किंवा केलाय त्यांनी अनुभव सांगा. वेषभूषा, पट, वेळ, काहीही चालेल.

दगडफूल
सर, ठरवलेलाच घ्या. लेनिनग्राडमध्ये २० जुलै १९२४ रोजी राजवाड्यासमोरच्या चौकात असा डाव झाला होता. एका बाजूला लाल सैन्याचे जवान, दुसऱ्या बाजूला नौदलाचे. खेळणारे दोघे रोमानोव्हस्की आणि राबिनोविच, म्हणजे त्या काळातले तिथले अव्वल खेळाडू. डाव खराखुरा. पाच तास चालला, ६७ चाली झाल्या आणि बरोबरीत सुटला. ते सैनिक होते म्हणून उभे राहिले. तुमची पाचवीतली पोरं अर्ध्या तासात मैदानावर बसकण मारतील.

सांगलीचा_घोडा
पाच तास आणि बरोबरी! एवढ्या वेळात आमच्या पारावर तीन डाव, दोन भांडणं आणि चहाचे चार राऊंड होतात.

रेवा_वि
मी मारोस्तिकाचा खेळ पाहिलाय, म्हणून जरा सविस्तर लिहिते.

मारोस्तिका हे इटलीत व्हेनेतो प्रांतातलं, विचेंझाजवळचं छोटं गाव. तटबंदी डोंगरावरच्या वरच्या किल्ल्यापासून खाली उतरत येते, आणि खालच्या किल्ल्यासमोरच्या चौकात दगडी फरशीत बुद्धिबळाचा पट कायमचाच बसवलेला आहे. एरवी त्याच्यावरून लोक भाजीच्या पिशव्या घेऊन जातात. दर दोन वर्षांनी सप्टेंबरात तिथे खेळ होतो. पटावरच्या सोंगट्या आणि भोवतीचा लवाजमा मिळून शेकडो लोक पंधराव्या शतकाच्या पोशाखात असतात.

कथा अशी : १४५४ साल. किल्लेदाराची मुलगी लिओनोरा हिच्यावर रिनाल्दो आणि व्हिएरी या दोन सरदारांचं प्रेम. दोघे द्वंद्वाला तयार. पण द्वंद्वाला बंदी, आणि किल्लेदाराला दोघांपैकी कुणालाच गमवायचं नाही. मग त्याने ठरवलं, बुद्धिबळ खेळा. जिंकेल त्याला लिओनोरा, हरेल त्याला घरातलीच धाकटी ओल्द्राडा. म्हणजे हरणाराही जावईच!

आता सरांच्या प्रश्नाकडे. तिथे डाव ठरलेला असतो. इतिहासातला एखादा नामांकित डाव निवडून तो चौकात चालून दाखवतात. निकाल ठरलेला असूनही कंटाळा येत नाही, कारण चाल पुकारणारा पुकारा करतो तेव्हा चौक गप्प होतो. जुन्या व्हेनिशियन बोलीतला तो पुकारा मला समजत नव्हता. पण पुकारा झाला की सगळ्यांच्या माना एकाच सोंगटीकडे वळतात. ती सोंगटी एक क्षण थांबते आणि मग चालायला लागते. घोडे तर खरेच असतात. त्यांच्या टापांचा दगडावर होणारा आवाज दूरच्या रांगेतही पोचतो. सर, ठरवलेला डाव म्हणजे मेलेला डाव, असं मुळीच नाही.

सांगलीचा_घोडा
हरणाऱ्यालाही नवरीच मिळणार असेल तर मी वजीर पहिल्याच चालीला देऊन टाकेन.

टेकाडे
रेवाताई, वर्णन सुंदर. एक गोष्ट मात्र स्पष्ट झाली पाहिजे, नाहीतर हे लोक १४५४ खरं धरून चालतील. लिओनोराची कथा मध्ययुगातली नाही. मारोस्तिकात पहिला जिवंत डाव १९२३ मध्ये झाला. बुद्धिबळाचं वेड असलेल्या विद्यार्थ्यांनी तो घडवून आणला, आणि त्यात दोन सरदारांची गोष्ट नव्हती. पुढे मोठा खंड पडला. १९५४ मध्ये खेळ नव्याने सुरू करताना मिर्को वुचेतिच या कलावंताने ही कथा रचली.

रेवा_वि
टेकाडेकाका, बरोबर आहे. पण म्हणून गावाचा खेळ खोटा ठरत नाही. चौकात उभे राहणारे गावचेच लोक असतात. ज्या घरात आजोबा प्यादं होते त्या घरातला नातू आज भालाईत आहे, ही परंपरा आता खरीच झाली ना? कथा कुणी केव्हा रचली त्यापेक्षा गावाने ती इतकी वर्षं अंगावर वागवली, हे मला मोठं वाटतं.

टेकाडे
त्याबद्दल वाद नाहीच. कथा म्हणून सांगा, इतिहास म्हणून नको, इतकंच.

अण्णा_सातारकर
अहो, इटलीला कशाला जाता! फत्तेपूर सिक्रीला अकबर बादशहा दासींना सोंगट्या करून खेळायचा. अंगणात पट आहे अजून.

ओसरी
अण्णा, तो पट पचिसीचा, म्हणजे सारीपाटासारख्या खेळाचा, बुद्धिबळाचा नव्हे. अंगणाच्या फरशीवर अधिकाच्या चिन्हासारखा पट आहे आणि मध्ये बसायला दगडी ओटा. अकबराला अशा खेळांचा नाद होता, आईन-ए-अकबरीत चौपडीचं वर्णनही आहे. दासींना रंगीत कपडे घालून घरं चालायला लावायचा ही गोष्ट मात्र तोंडोतोंडी आलेली, वाटाडे रंगवून सांगतात तीच.

आणि समजा खरी असली, तरी मला ती ऐकताना बरं वाटत नाही. एकाने वर बसायचं, फासे टाकायचे, आणि खाली उन्हात बायकांनी चालायचं. माणसाची सोंगटी करणं हे मुळात सत्तेचं खूळ आहे. शाळेत हे करताना सरांनी तेवढं ध्यानात ठेवावं. पटावर उभ्या असलेल्या मुलाला आपण तिथे का उभे आहोत हे कळलं पाहिजे. नाहीतर दोन हुशार मुलं खेळणार आणि बत्तीस मुलं खांबासारखी उभी राहणार.

हरिपूरकर
ओसरी, हा मुद्दा मनाला लागला. प्यादं व्हायला आत्ताच कुणी तयार नाही. राजा व्हायला मात्र अकरा अर्ज आलेत.

कोकणकडा
वेषभूषेचं बोलू या का? मावळे विरुद्ध मोगल करा, लोक टाळ्या-शिट्ट्यांनी मैदान डोक्यावर घेतील.

टेकाडे
अजिबात करू नका. मावळ्यांच्या बाजूचा राजा कोण? त्याला शह बसला, मात झाली, तर? डाव खराखुरा असेल तर ते तुमच्या हातात नाही. आणि ठरवलेला असेल तर एक बाजू कायम हरण्यासाठीच उभी केलीत असा अर्थ होतो. भगवा-हिरवाही टाळा. मुलांचा खेळ आहे, गावात वर्षभर पुरेल असं भांडण त्यातून निघायला नको.

वसुधा_क
टेकाडेकाकांना पूर्ण अनुमोदन. पांढरे फेटे आणि जांभळे फेटे, संपला विषय. अंगात सगळ्यांना शाळेचाच गणवेश. कोण काय आहे ते डोक्यावरून आणि हातातल्या वस्तूवरून कळू द्या. पालकांना भाड्याचे पोशाख आणायला लावू नका, आमच्याकडे त्याच्यापायी काही मुलांनी नावं मागे घेतली होती.

तिरपा_उंट
ठरवलेला डाव घ्यायचा असेल तर माझ्या मते एकच नाव : मॉर्फीचा पॅरिसमधला १८५८ चा डाव. एकवीस वर्षांचा पॉल मॉर्फी एकीकडे, ब्रन्सविकचा ड्यूक आणि काउंट इझुआर दुसरीकडे, दोघे मिळून सल्लामसलत करून खेळतायत. जागा म्हणजे ऑपेराच्या नाट्यगृहातली खासगी बैठक, समोर रंगमंचावर गाणं चालू. सतरा चालींत मात.

जिवंत पटासाठी तो सोन्यासारखा आहे. मारामारी चौथ्या चालीपासून सुरू. एकूण बारा सोंगट्या पटाबाहेर जातात. पांढरा वजिराच्या बाजूला किल्लेकोट करतो, तेव्हा राजा आणि हत्ती एकाच चालीत जागा बदलतात, ते दृश्य लोकांना फार आवडतं. सोळाव्या चालीला पांढरा आपला वजीर सरळ काळ्या घोड्याच्या तोंडी देतो. न जाणणारा प्रेक्षक म्हणतो, गेला! घोडा वजीर मारतो, आणि सतराव्या चालीला हत्ती शेवटच्या पट्टीत जाऊन मात देतो, पाठीशी एकटा उंट. सगळं वीस-पंचवीस मिनिटांत बसतं.

वसुधा_क
तिरपा उंट, या डावात किती मुलं हलतच नाहीत ते मोजलंत का? विचारण्याचं कारण आहे. माझा मुलगा एका कार्यक्रमात असाच प्यादं होता. शाळेचं नाव नको. ढाल, भाला, मिशा, सगळं करून गेला. आजी-आजोबा गावाहून आले होते. डाव संपला, सगळे टाळ्या वाजवताहेत, आणि हा आपल्या घरात जिथे उभा होता तिथेच. एकदाही नाव पुकारलं गेलं नाही. घरी येऊन त्याने मिशा पुसल्या आणि मला विचारलं, "आई, मी काय केलं?" माझ्याकडे उत्तर नव्हतं.

तिरपा_उंट
वसुधाताई, आत्ता पट मांडून मोजलं. तेरा. पांढऱ्याची सहा प्यादी, काळ्याची चार प्यादी, काळा राजा, आणि त्याच्या बाजूचे उंट-हत्ती. काळ्याचे ते उंट-हत्ती घरातून बाहेर पडलेच नाहीत म्हणून तर काळा हरला. मॉर्फीने बाकी राहिलेला शेवटचा हत्तीही चौदाव्या चालीला लढाईत आणला. बुद्धिबळ शिकवायला याहून चांगला धडा नाही, पण त्या तेरा मुलांचं काय, हा तुमचा प्रश्न शिल्लक राहतोच.

सई_जपान
या प्रश्नाचं उत्तर इथे जपानमधल्या लोकांनी शोधलंय!

यामागाता प्रांतात तेंदो नावाचं शहर आहे. जपानमध्ये शोगीच्या सोंगट्या बनतात त्यातल्या बहुतेक सगळ्या तिथल्या. शोगी म्हणजे जपानी बुद्धिबळ, ८१ घरं, ४० सोंगट्या. तेंदोला एप्रिलमध्ये मायझुरू टेकडीवर चेरीचा बहर असतो तेव्हा माणसांची शोगी खेळतात. १९५६ पासून चालू आहे. सोंगट्या झालेले लोक सामुराईंच्या चिलखतात. जपानचा जुना सत्ताधीश हिदेयोशी याने फुशिमी किल्ल्यात नोकरचाकरांना सोंगट्या करून असा डाव मांडला होता, अशी आख्यायिका तिथे सांगतात (टेकाडेकाका, आख्यायिका म्हटलंय!).

महत्त्वाचं असं की डाव खराखुरा असतो, खेळणारे व्यावसायिक खेळाडू. पण एक अलिखित नियम सगळे पाळतात : पटावरची प्रत्येक सोंगटी निदान एकदा तरी हलली पाहिजे. कुणालाही न हलवता घरी पाठवायचं नाही. त्यामुळे खेळाडूंची खरी कसरत असते. जिंकायचंही आहे आणि कोपऱ्यातल्या प्याद्यालाही चाल द्यायचीय. चाल सांगताना ते सामुराई थाटात बोलतात, एकमेकांना चिमटे काढतात, आणि राहिलेल्या प्याद्याला चाल मिळाली की लोक हसून टाळ्या वाजवतात.

वसुधा_क
सई, हे वाचून फार बरं वाटलं.

दगडफूल
नियम गोड आहे, पण त्याने डावाची माती होते. शोगीत प्यादं एक घर सरकवणं सोपं. बुद्धिबळात राजासमोरची प्यादी उगाच हलवली तर राजा उघडा पडतो. दहावीतला चांगला खेळाडू असलं काही मनापासून करणार नाही.

तिरपा_उंट
उलट मला यात मजा दिसते. दोघांनाही तोच नियम असेल तर अन्याय कुणावरच नाही. कुठलं प्यादं कधी हलवलं तर कमी नुकसान, याचा विचार करावा लागतो. कडेची प्यादी सुरुवातीलाच उरकून टाकली की झालं. आणि राजा हललाच पाहिजे असेल तर किल्लेकोट आहेच. मी स्वतः असा डाव आनंदाने खेळेन.

ओसरी
हो. आणि मग प्याद्याला माहीत असतं की आपली पाळी येणार आहे. तो डाव बघत उभा राहतो.

डिचोलकर
गोव्याहून लिहितोय. घोड्यांसाठी एक सुचवू का? आमच्याकडे डिचोली-सत्तरीकडे शिगम्यात घोडेमोडणी असते. नाचणारा लाकडी घोडा कमरेला बांधतो, तोंड पुढे, शेपूट मागे, अंगावर रंगीत कापड, डोक्याला फेटा, एका हातात लगाम आणि दुसऱ्या हातात तलवार. ढोल-ताशावर पुढे-मागे पावलं टाकत नाचतो. पोर्तुगीजांविरुद्ध सत्तरीच्या राणे सरदारांनी मिळवलेल्या विजयाची आठवण म्हणून हे करतात असं सांगतात.

शाळेसाठी लाकूड नको, जड होतं. बांबूच्या कामट्यांचा सांगाडा, वर जुनी चादर, तोंड पुठ्ठ्याचं. दोन्ही खांद्यांवरून नाडी घ्या, कमरेवर घट्ट आवळू नका, मुलाला श्वास लागतो. आणि घोड्याची अडीच घरांची चाल तालावर बसवा : दोन लांब पावलं सरळ, मग गिरकी घेऊन एक आडवं. घोडा मधल्या सोंगटीवरून उडी मारून जातो ना, तर मध्ये उभा असलेला प्यादा त्या वेळी गुडघ्यावर खाली बसेल. आपोआप त्यालाही काम मिळालं!

सांगलीचा_घोडा
डिचोलकर, आमच्या जातीसाठी तुम्ही जे केलंत त्याबद्दल आभारी आहे.

हरिपूरकर
गुडघ्यावर बसायची कल्पना उत्तम! तसंच शह बसला की त्या बाजूच्या सगळ्यांनी राजाकडे वळून बघायचं, हेही करता येईल. डिचोलकर, सांगाड्याचा फोटो असेल तर टाका.

कोकणकडा
वजीर मुलगाच हवा का? राजा मुलगा, वजीर मुलगी करा. युरोपात तर ती राणीच.

वसुधा_क
राजाही मुलगी का नाही? आपल्याकडच्या रोहिणी खाडिलकर १९७६ मध्ये पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या होत्या, आणि १९८१ मध्ये आशियाई विजेत्या झाल्या. नागपूरच्या दिव्या देशमुखने २०२५ मध्ये बटुमीला महिलांचा विश्वचषक जिंकला, तोही कोनेरू हम्पीला हरवून. सर, तुमचे दहावीचे दोन्ही खेळाडू मुलगेच आहेत का?

हरिपूरकर
एक मुलगी आहे, वसुधाताई. आणि पारावरचे लोकही तिच्याशी जपून खेळतात.

म्युनिकवाला
उशिरा लिहितोय. जर्मनीत हार्झ भागात हाल्बरश्टाटजवळ श्ट्रोबेक नावाचं खेडं आहे. तिथल्या शाळेत १८२३ पासून बुद्धिबळ शिकवलं जातं. गावाचं स्वतःचं जिवंत बुद्धिबळाचं पथक आहे, आणि त्यातली मुलं-माणसं बुद्धिबळ जाणणारी. फरक तिथेच पडतो. त्यांना नुसतं "चल" म्हणून सांगावं लागत नाही, पुढची चाल काय असेल याची त्यांच्यात कुजबुज चाललेली असते. सरांनी आधी महिनाभर या बत्तीस मुलांना नीट खेळायला शिकवावं. वेषभूषा नंतर.

धोंडीराम_मिस्त्री
पटाचं कुणी बोललंच नाही.

बॅडमिंटनच्या कोर्टावर बसवायला जाल तर रुंदी ६.१ मीटर, घर पाऊण मीटरचं होतं. घोड्याचा सांगाडा त्यात मावत नाही. कबड्डीचं मैदान बघा : १३ बाय १०. त्यात १.२ मीटरची आठ घरं म्हणजे ९.६ मीटर, आरामात बसतं, आणि मेलेल्या सोंगट्यांना बाजूला उभं राहायला जागा उरते. खुंट्या मारून सुतळी ताणा. कोपरा ३-४-५ च्या मापाने काढा. सगळं झालं की दोन्ही कर्ण मोजा, १३ मीटर ५८ सेंटिमीटर आले पाहिजेत. दोन्हींत फरक आला तर पट वाकडा आहे, फक्की टाकायच्या आधीच दुरुस्त करा.

मैदान काळ्या मातीचं असेल तर फक्त पांढरी घरं फक्कीने भरा, काळी तशीच ठेवा. काव किंवा गेरू टाकू नका, कपड्यांना लागतो आणि पालक ओरडतात. प्रत्येक खेळाडूच्या उजव्या हाताचं कोपऱ्यातलं घर पांढरं हवं. चुकलं तर पारावरची मंडळी पहिल्या मिनिटाला उठून सांगतील.

आणखी एक. जमिनीवर बसलेल्या माणसाला पट दिसत नाही, फक्त पुढची रांग दिसते. शाळेला वरचा मजला असेल तर गॅलरीत म्हाताऱ्या माणसांना बसवा. खाली एका फळ्यावर मोठा पट काढून प्रत्येक चाल त्यावर लावायला दोन मुलं ठेवा.

हरिपूरकर
मिस्त्री, तुमचं सगळं वहीत उतरवून घेतलंय. मैदान काळ्या मातीचंच आहे, मागे कृष्णा.

आज शिक्षकांची बैठक झाली. असं ठरलंय : तालमी मॉर्फीच्या डावावर. शह, मारणं, किल्लेकोट, वजिराचं बलिदान, मात हे सगळं त्यात आहे, म्हणजे मुलांना हालचाली कळतील आणि डावही समजेल. कार्यक्रमाच्या दिवशी मात्र डाव खराखुरा, तेंदोच्या नियमाने. प्रत्येकी पंधरा मिनिटं घड्याळ. न हललेली सोंगटी शिल्लक असेल तर मात देता येणार नाही, आधी तिला चाल द्यायची. त्याआधीच मारली गेली तर हिशोबात धरायची नाही, कारण मरतानाही तिला पटावरून चालत जायचं आहेच. वेळ संपली तर पारावरचे दोन ज्येष्ठ निकाल देतील.

दगडफूल
मात देता येणार नाही हा नियम कडक आहे हं. जिंकत आलेला डाव त्यापायी हातचा जाईल.

तिरपा_उंट
जाऊ दे की. खेळाडूला पहिल्या चालीपासून माहीत आहे.

हरिपूरकर
दगडफूल, त्या मुलीला विचारलं. ती म्हणाली, "सर, मी कडेची प्यादी आधी काढीन, तुम्ही काळजी करू नका." दुसऱ्या खेळाडूने ते ऐकलं आणि तो आता घरी पट मांडून बसलाय.

वसुधा_क
मेलेल्या सोंगट्यांनी कुठे जायचं तेही ठरवा. खाली मान घालून बाहेर काढू नका. बाजूला सतरंजी घाला, पाणी ठेवा, आणि तिथून त्यांना आपल्या बाजूला ओरडून पाठिंबा देऊ द्या. चाली मात्र सांगायच्या नाहीत.

धोंडीराम_मिस्त्री
पट आखून झाला की खुंट्या मोजून काढून घ्या. चार कोपऱ्यांच्या ठेवायच्याच असतील तर लाकडी, जमिनीसपाट ठोकलेल्या. मुलं अनवाणी असणार.